दूध उतू का जातं, वगैरे

नारिनहून येणाऱ्या मिनीबसचा ड्रायव्हर
बटाट्यांच्या पोत्याबरोबर माझ्या दारात प्रश्न उतरवतो.
वहीची फाडलेली पानं, चहाच्या पुड्याचा कागद.
एकदा नुसताच उभा राहून म्हणाला,
"त्या पोराला अजून लिहिता येत नाही. विचारलंय,
दात पडतात तसं नाक का पडत नाही?"

बावीस वर्षं मी हवामानकेंद्रावर होते.
वाऱ्याचा वेग, बर्फाची खोली.
कुणी 'का' विचारलं नाही,
नुसतं किती, किती, किती.
साठी उलटल्यावर 'का'शी गाठ पडली
आणि झोप गेली.

वरच्या कुरणावर मांस शिजायला इतका वेळ का लागतो?
कारण तिथं हवा विरळ, पाणी नव्वद अंशांवरच उकळायला लागतं.
उसळतं फार, तापतं कमी,
आमच्या जिल्हा अधिकाऱ्यांसारखं, असं मी लिहिलं होतं.
बिश्केकच्या गुल्बाराने ते काढलं.
हसून काढलं, पण काढलं.

दूध उतू जातं, पाणी का नाही?
सायीखाली वाफ कोंडते, वाट मिळेना की सायच उचलते.
हे लिहिता लिहिता माझंच दूध उतू गेलं.
शेगडी पुसत वाक्य पुन्हा तपासलं.
बरोबर होतं.

माझं विज्ञान रशियनमधून आलेलं,
प्रश्न येतात किरगिझमधून, लोकरीचा वास घेऊन.
मेंढपाळ शामबेतला विचारलं,
घोडा थांबतो आणि स्वार पुढेच जातो,
त्याला आपल्यात काय म्हणतात?
तो म्हणाला, "पडणं."

मग सेझिमचा कागद आला. वय आठ, गाव कोक-बुलाक.
चारशे मेंढ्यांत आई आपलं कोकरू कसं ओळखते?
पुन्हा शामबेतच्या गोठ्यात गेले, दोन रात्री जागले.
जन्मल्या जन्मल्या ती चाटते,
पहिल्या दोनेक तासांत वास मनात बसतो;
मग दुसऱ्याचं कोकरू आचळापाशी आलं
तर लाथ.
पान एकतीस झालं. चित्रासकट.

पुढच्या आठवड्यात तेच अक्षर:
"आणि ती मेंढी लांब गेली तर?
सहा वर्षं?
मेंढीचंच विचारतेय."

ड्रायव्हरने इंजिन बंद केलं.
"तिची आई मॉस्कोत असते. गोदामात डबे भरते.
पोर दोन वर्षांची होती."

शामबेत म्हणतो, मेंढी शरद येईस्तोवर विसरते.
तेच लिहिलं.
हवामानाच्या तक्त्यात मी कधी खोटा आकडा भरला नाही,
लेकरांच्या पुस्तकात कसा भरू?
पण पेन खाली ठेववेना.
खाली लिहिलं: माणसाचं वेगळं असतं.
खोडलं.
पुन्हा लिहिलं.

गुल्बाराचा फोन. "उल्कान एजे,
शेवटच्या वाक्याला पुरावा काय?"
काय सांगणार? चूक तिची नव्हती.

रविवारी ड्रायव्हरला गाठलं.
मॉस्कोचं पार्सल गावात तोच पोचवतो.
काय असतं त्यात?
"बूट. दर शरदाला एक जोड."
माप?
"जरा मोठंच. बोटभर.
आजी पुढे कापूस कोंबते, फाल्गुन–चैत्रापर्यंत बरोब्बर होतात."

मी जुनी नोंदवही काढली, रेघा मारल्या.
वर्ष. माप.
चोवीस, सव्वीस, अठ्ठावीस,
एकोणतीस, एकतीस, बत्तीस.
निरीक्षण करणारी तीन हजार किलोमीटरवर,
हातात पट्टी नाही.
बाजारात परक्यांच्या पोरी बघून
अंदाज बांधत असेल.
सहा नोंदी. चूक कुठेच बोटापलीकडे नाही.

तक्ता पान एकतीसच्या खाली चिकटवला, नाव न घालता,
आणि पाठवून दिला.

गुल्बाराचा अजून फोन नाही.
आज ड्रायव्हर बटाटे उतरवून गेला.
पोत्याला टाचणीने लावलेला कागद:
माशीला खोकला येतो का?